इगोर कोएल्यो आणि तीन शहरांची हवा

एप्रिल २०१७ मध्ये हवाना, एप्रिल २०१८ मध्ये ग्वाटेमाला सिटी आणि ऑगस्ट २०१९ मध्ये लिमा. या तिन्ही ठिकाणी ब्राझीलचा बॅडमिंटनपटू इगोर कोएल्यो याने पुरुष एकेरीचं सुवर्णपदक जिंकलं. पहिली दोन पदकं पॅन-अमेरिकन, म्हणजे उत्तर-दक्षिण अमेरिकेतल्या देशांच्या, अजिंक्यपद स्पर्धेतली. लिमाचं पदक मात्र पॅन-अमेरिकन गेम्सचं, म्हणजे आपल्या एशियाडसारख्या दर चार वर्षांनी भरणाऱ्या मेळ्यातलं. बॅडमिंटनमध्ये ब्राझीलला त्या मेळ्यात तोवर सुवर्ण मिळालं नव्हतं. अंतिम सामन्यात समोर कॅनडाचा ब्रायन यांग होता, तेव्हा अवघ्या सतरा वर्षांचा.

निकालाच्या तक्त्यात ही तीन पदकं एकाखाली एक गुमान बसलेली दिसतात. नकाशा उघडला की गंमत कळते. हवाना समुद्राला खेटून आहे आणि एप्रिलमध्ये तिथे चांगलंच उकडतं. ग्वाटेमाला सिटी साधारण १,५०० मीटर उंचीवर, म्हणजे आपल्या महाबळेश्वरपेक्षाही थोडी वर. लिमा पुन्हा किनाऱ्यावर, पण ऑगस्ट हा तिथला हिवाळा. हवा गार आणि दमट, आभाळ कायम करडं. क्रिकेटमध्ये आपण खेळपट्टीवर तासन्‌तास बोलतो. बॅडमिंटनची खेळपट्टी म्हणजे हवा, आणि तिच्याबद्दल समालोचक क्वचितच तोंड उघडतात.

शटल म्हणजे जेमतेम पाच ग्रॅमची वस्तू. नियमानुसार वजन ४.७४ ते ५.५० ग्रॅम, पिसं बरोबर सोळा, आणि पिसांच्या टोकांनी होणारा घेर ५८ ते ६८ मिलिमीटर व्यासाचा. निम्म्याहून जास्त वजन पुढच्या बुचात, तर हवेला अडवणारा सगळा पसारा मागे. म्हणून रॅकेटचा फटका बसला की शटल सेकंदाच्या काही शतांशात गिरकी घेतं, थोडं डुलतं आणि बूच पुढे करून सरळ होतं. एका शटलमधली पिसं पक्ष्याच्या एकाच बाजूच्या पंखातली घेतात आणि एकावर एक चढवून बसवतात, त्यामुळे शटल उडताना स्वतःभोवतीही फिरतं.

पण शटलचा खरा स्वभाव दिसतो तो त्याच्या दमात. रॅकेटवरून सुटताना ते भयंकर वेगात असतं. भारताच्या सात्विकसाईराज रंकीरेड्डीने २०२३ मध्ये जपानमध्ये मारलेल्या स्मॅशचा वेग ताशी ५६५ किलोमीटर नोंदला गेला. हा वेग रॅकेट सोडतानाचा. तिथून पुढे हवा त्याचा जीव काढते. हवेचा अडथळा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, म्हणजे वेग दुप्पट असेल तर अडथळा चौपट. अशा अडथळ्याचा एक परिणाम असा की ठरावीक अंतर कापलं की वेग ठरावीक पटीनेच घटतो, सुरुवातीचा वेग कितीही असो. फ्रान्समधल्या भौतिकशास्त्रज्ञांनी शटलचा सविस्तर अभ्यास केला तेव्हा हे अंतर सुमारे ४.६ मीटर निघालं. तेवढ्या प्रवासात शटलचा वेग जवळपास ३७ टक्क्यांवर येतो, आणखी ४.६ मीटर गेलं की त्याच्याही ३७ टक्क्यांवर. उंचावरून नुसतं सोडून दिलं तर शटल ताशी २४ किलोमीटरच्या आसपास स्थिरावतं. सायकलवाला याहून वेगात जाऊ शकतो.

हे ४.६ मीटर कुठून आले? शटलचं वजन, त्याचा घेर आणि हवेची घनता या तिघांतून. वजन वाढलं की अंतर वाढतं, घेर किंवा हवेची घनता वाढली की घटतं. पहिल्या दोन गोष्टी कारखान्यात ठरतात. तिसरी गावागावाप्रमाणे बदलते.

आता ग्वाटेमाला सिटीला जाऊ. १,५०० मीटरवर हवा समुद्रसपाटीपेक्षा सुमारे १४ टक्के विरळ असते. म्हणजे समुद्रकाठचं तेच शटल तिथे नेलं तर ४.६ मीटरचे साधारण ५.३ मीटर होतात. आकडा किरकोळ वाटेल. म्हणून एक स्मॅश घेऊन हिशेब करू. रॅकेटवरून ताशी ३०० किलोमीटरने सुटलेलं शटल सात मीटरवर उभ्या असलेल्या खेळाडूकडे निघालंय. समुद्रकाठी ते पोहोचेल तेव्हा वेग उरेल ताशी ६५ किलोमीटरच्या आसपास. ग्वाटेमालात उरेल ८१. प्रवासाला लागणारा वेळ ०.२० सेकंदावरून ०.१७ वर येईल. डोळ्याने पाहून हात हलवायला माणसाला साधारण ०.२ सेकंद लागतात, त्यामुळे हे तीन शतांश सेकंद खेळाडूच्या अगदी वर्मी लागतात. टॉसचं, म्हणजे पलीकडे मागे उंच मारलेल्या फटक्याचंही तेच. मागच्या रेषेवर अलगद पडणारा टॉस त्याच ताकदीने मारला तर ढोबळ हिशेबाने दहा-बारा टक्के लांब जाईल. कोर्टच १३.४० मीटर लांब, म्हणजे शटल मीटरभर बाहेर.

नियम करणाऱ्यांना हे ठाऊक आहे. शटल तपासायची पद्धत मोठी साधी आहे. मागच्या रेषेवर उभं राहून खालून पूर्ण ताकदीचा फटका मारायचा. पलीकडच्या मागच्या रेषेच्या आत ५३० ते ९९० मिलिमीटरच्या पट्ट्यात शटल पडलं पाहिजे. जेमतेम ४६ सेंटिमीटरची ही पट्टी. डब्यावर ७५, ७६, ७७ असे आकडे असतात ते याच वेगाचे. मुळात ते ग्रेन या वजनाच्या जुन्या एककावरून आले. जितका आकडा मोठा तितकं शटल जड आणि वेगवान. थंड गावात ७८-७९, उकाड्यात ७५-७६, डोंगरावर त्याहून खालचे.

पण थोडा हिशेब मांडला की अडचण लक्षात येते. ७५ आणि ७९ यांच्या वजनातला फरक पाच टक्क्यांच्या आसपास. ग्वाटेमालातली हवा १४ टक्के विरळ. नुसतं वजन घटवून हे भरून काढायचं तर पाच ग्रॅमचं शटल ४.३ ग्रॅमवर आणावं लागेल, आणि ते नियमाच्या किमान मर्यादेच्या बरंच खाली. म्हणून पिसांचा घेर थोडा फाकवून अडथळा वाढवावा लागतो. शिवाय जिथे उंचीमुळे वा हवामानामुळे नेहमीचं शटल चालत नाही तिथे राष्ट्रीय संघटनेच्या संमतीने त्यात बदल करायची मुभा नियमातच दिली आहे. मुंबईत खेळणारा पुण्याला आला आणि नेहमीचाच डबा उघडला तर त्यालाही पहिली दहा मिनिटं टॉस बाहेर जातात. पुण्याची उंची सुमारे ५६० मीटर, हवा पाचेक टक्के विरळ. सोसायटीच्या कोर्टवर यावर उपाय ठरलेला: प्रत्येक पिसाचं टोक बोटांनी बाहेर दुमडायचं, की शटल मंदावतं. स्पर्धेत असं केलं तर पंच कार्ड दाखवतील, पण वायुगतिकीच्या दृष्टीने उपाय अगदी बरोबर आहे. एकोणिसाव्या शतकात या खेळाचे सुरुवातीचे नियम ज्या पुण्यात लिहिले गेले असं सांगतात, तिथल्या खेळाडूंना हे उपजतच कळत असावं.

योग्य शटल निवडलं म्हणजे सगळे प्रश्न मिटले, असंही नाही. तपासणी होते ती एका फटक्याची, लांबच्या. जाळ्याजवळचा नाजूक फटका, ज्याला ड्रिबल म्हणतात, इतका सावकाश असतो की तिथे हवेचा अडथळा फारसा जाणवत नाही. तिथे राज्य चालतं गुरुत्वाकर्षणाचं, आणि ते हवानात नि ग्वाटेमालात सारखंच. म्हणजे शटल जरा जरी वेगवान राहिलं तरी मागच्या कोर्टातल्या खेळाचं माप बदलतं आणि जाळ्याजवळचं तेच राहतं. अर्धा हात नव्याने शिकायचा, अर्धा जुनाच ठेवायचा. सरावाला मिळणारा वेळ एक-दोन दिवसांचा. माझ्या मते प्रादेशिक स्पर्धा गाजवणाऱ्या खेळाडूची खरी परीक्षा इथे होते, आणि अमेरिका खंडांइतकी कठोर परीक्षा कुठेच नाही. मेक्सिको सिटी २,२४० मीटरवर, बोगोटा २,६०० च्याही वर, आणि दुसरीकडे रिओ, हवाना, लिमा समुद्राच्या कुशीत. आग्नेय आशियातल्या बहुतेक मोठ्या स्पर्धा खालच्या, दमट शहरांत होतात. तिथल्या खेळाडूंना असली उठाठेव क्वचितच करावी लागते.

ग्वाटेमालाच्याच केव्हिन कोर्डोनने २०११ मध्ये मेक्सिकोतल्या ग्वादालाहाराला आणि २०१५ मध्ये टोरोंटोला पॅन-अमेरिकन गेम्सचं एकेरीचं सुवर्ण जिंकलं. ग्वादालाहारा दीड हजार मीटरहून उंच, टोरोंटो शंभर मीटरच्या आत. कोर्डोन टोकियो ऑलिंपिकमध्ये थेट उपांत्य फेरीत पोहोचला आणि चौथा आला, तेव्हा जगाने भुवया उंचावल्या. खंडातल्या लोकांना त्याचं फार नवल वाटलं नसावं.

कोएल्योकडे घराजवळ डोंगरावरचं कोर्ट नव्हतं. तो रिओ दी जानेरोच्या पश्चिम भागातल्या शाक्रिन्या नावाच्या फावेलातला, म्हणजे झोपडपट्टीतला. वडील सेबास्तियाँव दे ऑलिव्हेरा यांचं बालपण सरकारी बालगृहात गेलं. मोठं झाल्यावर त्यांनी वस्तीतल्या मुलांसाठी मिराटुस हा बॅडमिंटन प्रकल्प उभा केला. मुलांना कोर्टवरची पावलं शिकवायला त्यांनी सांबा या ब्राझिली नाचाचा ताल वापरला. ढोल सुरू, रॅकेट हातात, आणि मुलं तालावर पुढे-मागे, आडवी-तिरपी पावलं टाकतायत.

बातम्यांना हे दृश्य फार आवडलं आणि ‘सांबाने घडवलेला चॅम्पियन’ अशा थाटात ते जगभर फिरलं. त्यातलं किती विज्ञान आणि किती रंगत, हे वेगळं करून पाहिलं पाहिजे. बॅडमिंटनपटू प्रतिस्पर्ध्याच्या फटक्याच्या क्षणी एक छोटी उडी मारतो. दोन्ही पाय एकदम जमिनीला टेकतात, पोटऱ्या आणि मांड्यांचे स्नायू क्षणभर ताणले जातात आणि त्या ताणातून पुढचं पाऊल जोरात सुटतं. ताणल्यानंतर लगेच आकुंचन पावणारा स्नायू नुसत्या आकुंचन पावणाऱ्या स्नायूपेक्षा जास्त जोर देतो, हे शरीरशास्त्रात पक्कं ठरलेलं आहे. सगळी मेख वेळेत. उडी लवकर मारली तर ताण विरून जातो, उशिरा मारली तर शटल निघून जातं. सांबात पायाचं पाऊल ढोलाच्या ठोक्याच्या किंचित मागे-पुढे खेळवायचं असतं, वजन सतत या पायावरून त्या पायावर जात असतं. त्यामुळे वेळेची जाण आणि पायांचा हलकेपणा येत असेल, हे पटण्यासारखं आहे. पण सांबामुळेच सुवर्ण आलं असं म्हणायला आधार नाही. दोरीवरच्या उड्यांनीही हेच साधतं. मला त्या ढोलाचा मोठा उपयोग वेगळाच वाटतो: कंटाळवाणा पदन्यास रोज तासभर घोटून घ्यायला मुलं हसत येत राहिली.

शाक्रिन्यातूनच लोहायनी आणि लुआना व्हिसेन्ते या बहिणी आल्या. २०१५ च्या टोरोंटो गेम्समध्ये त्यांनी महिला दुहेरीचं रौप्य मिळवलं. वर्षभराने रिओ ऑलिंपिकमध्ये एकेरीत लोहायनी आणि इगोर ब्राझीलकडून उतरले. त्याआधी ऑलिंपिक बॅडमिंटनमध्ये ब्राझीलचं कुणीच खेळलं नव्हतं. रिओसेंट्रोच्या चौथ्या पॅव्हेलियनमध्ये प्रेक्षकांनी फुटबॉलसारखा गोंगाट केला, पण इगोर दोन्ही गट सामने हरला.

हवाना, ग्वाटेमाला, लिमाची सुवर्णं रिओनंतरची. याच काळात तो डेन्मार्कला सरावालाही गेला. शरीराने मात्र किंमत वसूल केली. जाळ्याजवळचं शटल उचलायला खेळाडू एक पाय लांब टाकून झेपावतो, त्याला लंज म्हणतात. टाच टेकताना जमिनीकडून येणारा जोर शरीराच्या वजनाच्या दुपटीहून जास्त असू शकतो. तो घोट्यातून गुडघ्यात आणि तिथून खुब्यात जातो, तेही पाय वाकलेला आणि किंचित वळलेला असताना. एका सामन्यात अशा झेपा शेकड्याने होतात. टोकियोच्या तयारीतच त्याच्या खुब्यावर शस्त्रक्रिया करावी लागली.

तरी टोकियोत त्याने मॉरिशसच्या जॉर्जेस पॉलला हरवलं. ऑलिंपिक बॅडमिंटनमधला तो ब्राझीलचा पहिला विजय. गटातला दुसरा सामना जपानच्या कांता त्सुनेयामाने जिंकला आणि प्रवास तिथे थांबला. खंडातला विजेता जागतिक स्पर्धेत गटातच अडकतो याचं अनेकांना आश्चर्य वाटतं. कारण फार गूढ नाही. जागतिक क्रमवारीचे गुण मोठ्या स्पर्धांत भरपूर मिळतात आणि त्या बहुतेक आशिया-युरोपात होतात. रिओहून तिकडे महिनोन्‌महिने राहून खेळायला पैसा लागतो. खंडातली स्पर्धा हा त्या मानाने परवडणारा रस्ता, आणि ऑलिंपिक पात्रतेत प्रत्येक खंडाला किमान प्रतिनिधित्व मिळत असल्यामुळे तो रस्ता कुठेतरी पोहोचतोही.

२०२४ मध्ये पॅरिसला जुलियाना व्हियाना व्हिएराने हाँगकाँगच्या लो सिन यान हॅपीला हरवलं. ऑलिंपिकमध्ये बॅडमिंटनचा सामना जिंकणारी ती ब्राझीलची पहिली महिला. ती ईशान्य ब्राझीलमधल्या तेरेसिनाची. तिथे पारा वर्षाच्या शेवटी सहज ३८ अंशांवर जातो, आणि इतकी तापलेली हवा २५ अंशांच्या हवेपेक्षा सुमारे चार टक्के हलकी असते.