सरकारी भरतीतील पात्रतेच्या अटी (कोकण)

सरकारी पदासाठी अर्ज कोणी करावा हे ठरवणाऱ्या वय, शिक्षण, प्रवर्ग, अधिवास, शारीरिक क्षमता इत्यादींच्या अटी. त्या सेवाप्रवेश नियमांत ठरतात आणि भरतीच्या जाहिरातीत छापल्या जातात. राज्यघटनेच्या अनुच्छेद १६ ने सरकारी नोकरीत सर्व नागरिकांना समान संधी दिली असून केवळ धर्म, जात, लिंग, जन्मस्थान किंवा निवास या कारणांवरून भेदभाव करण्यास मनाई केली आहे. निवासाची अट घालण्याची मुभा अनुच्छेद १६(३) ने फक्त संसदेला दिली आहे. राज्य सरकार वा जिल्हा परिषद ती स्वतःच्या अधिकारात घालू शकत नाही. ‘भरतीत स्थानिकांना प्राधान्य द्या’ ही कोकणातली जुनी मागणी नेमकी इथे येऊन थांबते.

अट पदाच्या कामाशी जोडलेली असावी आणि अर्ज भरण्याआधी सर्वांना माहीत असावी, या दोन कसोट्या न्यायालयांनी वारंवार लावल्या आहेत. जाहिरातीत वेगळी तारीख नसेल, तर अर्हता अर्जाच्या शेवटच्या दिवशी पूर्ण असावी लागते. भरती सुरू झाल्यावर मूळ नियमांत तशी तरतूद नसताना निकष बदलता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केले.

कोकणात हा प्रश्न सर्वांत तीव्रतेने जाणवतो तो रत्नागिरी व सिंधुदुर्ग जिल्ह्यांतील प्राथमिक शिक्षकांच्या बाबतीत. पवित्र पोर्टल या शासनाच्या शिक्षकभरतीच्या संकेतस्थळावरील भरती राज्यभरातील गुणवत्तेवर होते. मराठवाडा, विदर्भ, पश्चिम महाराष्ट्र येथील उमेदवार या जिल्ह्यांत रुजू होतात आणि पुढे त्यांतले अनेक जण आंतरजिल्हा बदलीने आपल्या गावाकडे जातात. सेवाज्येष्ठता गमावूनही ते जातात, यावरून घराची ओढ किती असते ते कळते. त्यात त्यांचा दोष मानता येणार नाही. पण मागे डोंगरातल्या वाडीवरची द्विशिक्षकी शाळा एकशिक्षकी होते, कधी शून्यशिक्षकी होते, आणि शेजारच्या शाळेतला शिक्षक कामगिरीवर पाठवावा लागतो. त्याच वाडीतले डीएडधारक मात्र नोकरीविना असतात. २०१२ पासून काही वर्षे शिक्षकभरती जवळपास बंदच होती. त्या काळात वयोमर्यादेकडे सरकलेल्या मुलामुलींचा संताप समजण्यासारखा आहे. राज्याने २०१६ मध्ये खुल्या प्रवर्गाची सर्वसाधारण वयोमर्यादा ३३ वरून ३८ केली, मागास प्रवर्गांसाठी ती ४३ झाली. त्याने काहींना दिलासा मिळाला. तरीही जाहिरात काढायला शासनाने उशीर करायचा आणि वय उमेदवाराचे मोजायचे, हा अन्याय मर्यादा वाढवल्याने पुरता मिटत नाही.

स्थानिकांना जादा गुण देण्याचा उपाय राजस्थानने करून पाहिला होता. शिक्षकभरतीत जिल्ह्यातील रहिवाशांना आणि ग्रामीण उमेदवारांना वाढीव गुण देण्यात आले. स्थानिक शिक्षकाला मुलांची बोली येते आणि तो गाव सोडून जात नाही, अशी कारणे पुढे आली. कोकणातही हेच सांगितले जाते. २००२ मध्ये कैलाशचंद शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते गुण घटनाबाह्य ठरवले. प्रस्तुत नोंदीच्या मते निकाल रास्त आहे, मात्र त्यामुळे गरज नाहीशी होत नाही. पहिलीत आलेल्या मुलाची मालवणी किंवा कातकरी बोली शिक्षकाला समजली पाहिजे, ही अपेक्षा थेट कामातून येते. तशी चाचणी लातूरच्या उमेदवारालाही अभ्यास करून उत्तीर्ण होता येईल. ठरावीक वर्षे बदली न मागण्याची सेवाअटही सर्वांना सारखीच लागू होते. जन्मगाव मात्र कोणालाच बदलता येत नाही.

अनुच्छेद ३७१(२) मध्ये विदर्भ, मराठवाडा व उर्वरित महाराष्ट्र या तिन्ही भागांना राज्याच्या सेवांमध्ये पुरेशी संधी मिळावी, अशी तरतूद आहे. कोकण ‘उर्वरित महाराष्ट्रा’त मोडते. पुणे-कोल्हापूरच्या बरोबरीने एकाच भागात मोजल्यामुळे त्याची तूट वेगळी दिसत नाही.

उत्तरेला पालघर जिल्ह्यात चित्र निराळे आहे. अनुसूचित क्षेत्रातील, म्हणजे घटनेने विशेष संरक्षण दिलेल्या आदिवासीबहुल भागातील, तलाठी, ग्रामसेवक, शिक्षक अशी पदे स्थानिक आदिवासींमधूनच भरण्याची अधिसूचना राज्यपालांनी २०१४ मध्ये काढली. आंध्र प्रदेशातील शिक्षकांच्या अशाच शंभर टक्के आरक्षणाला सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये घटनाबाह्य ठरवले. पुढे महाराष्ट्रातही वाद न्यायालयात गेला, पेसा क्षेत्रातील (पेसा म्हणजे अनुसूचित क्षेत्रांतील ग्रामसभांना अधिकार देणारा कायदा) भरती अडकली आणि २०२४ मध्ये उमेदवार आंदोलनाला बसले.

प्रकल्पग्रस्तांसाठी राज्याच्या भरतीत पाच टक्के समांतर (प्रत्येक प्रवर्गाच्या जागांमधूनच दिले जाणारे) आरक्षण आहे, आणि कोकण रेल्वेही आपल्या भरतीत जमीन गेलेल्या कुटुंबांना प्राधान्य देते. घेतलेल्या जमिनीची ही भरपाई असल्याने तिला रहिवासाच्या अटीसारखा आक्षेप घेता येत नाही.

कागदपत्रांची अट जाहिरातीत एका ओळीत असते, पण तिचा भार सर्वांवर सारखा पडत नाही. अनुसूचित जमातीचा दावा सिद्ध करायला महाराष्ट्रात ६ सप्टेंबर १९५० पूर्वीच्या वास्तव्याचा व जमातीच्या नोंदीचा पुरावा लागतो. शाळेच्या जुन्या रजिस्टरमधली नोंद सर्वांत भक्कम मानली जाते. रायगडमधील कातकरी कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या कोळसा पाडायला आणि वीटभट्ट्यांवर जात आली आहेत. आजोबा शाळेतच गेले नसतील तर रजिस्टरमध्ये नाव कुठून असणार? कातकरींसारख्या विशेष असुरक्षित आदिवासी गटांसाठी १५ नोव्हेंबर २०२३ रोजी सुरू झालेल्या पीएम-जनमन अभियानात आधार आणि जातीचे दाखले देण्यासाठी वाड्यांवर शिबिरे झाली. परंतु जातीचा दाखला आणि जातवैधता प्रमाणपत्र या वेगळ्या गोष्टी आहेत. राखीव जागेवरची नियुक्ती टिकते ती वैधतेवर, आणि तिची तपासणी करणारी कोकण विभागाची समिती ठाण्याला बसते.