शॅकलटन : जुन्या सामानाची चाळीस वर्षं

ऑगस्ट १९४५ मध्ये जपान शरण आला आणि अमेरिकेने मित्रदेशांना युद्धसामग्री उसनी देणारी ‘लेंड-लीज’ योजना गुंडाळली. समुद्रावर गस्त घालणाऱ्या ब्रिटनच्या हवाई शाखेसाठी, म्हणजे कोस्टल कमांडसाठी, विजयाच्या आनंदावर पडलेलं हे विरजणच होतं. अटलांटिकमध्ये जर्मन यू-बोटींचा, म्हणजे पाणबुड्यांचा, काळ ठरलेली लिबरेटर आणि कॅटालिना विमानं उसनवारीची होती. आता ती परत करायची, डॉलर मोजून ठेवून घ्यायची किंवा मोडीत काढायची, एवढेच मार्ग उरले. डॉलर तर ब्रिटनच्या तिजोरीत नव्हतेच. मग हाताशी राहिल्या त्या जुन्या संडरलँड उडत्या नौका आणि बॉम्बफेकीच्या कामातून मोकळी झालेली, समुद्रावरच्या कामासाठी ठाकठीक करून घेतलेली लँकेस्टर विमानं. या नडीतून जे सागरी गस्तीचं विमान पुढे आलं, त्या शॅकलटनची ही गोष्ट.

या मोडीत काढण्याची एक शाखा आपल्याकडेही येते. इंग्रजांनी जाताना कानपूरला उभी असलेली लिबरेटर मुद्दाम निकामी करून ठेवली होती. हिंदुस्थान एअरक्राफ्टने ती चाळून, सांधून उडण्याजोगी केली. चाचणी वैमानिक जमशेद मुन्शी यांनी ती एकेक करून कानपूरहून बंगळूरला नेली. पुढे हवाई दलाच्या ६ क्रमांकाच्या स्क्वाड्रनने हीच विमानं पुण्याहून सागरी टेहळणीसाठी वापरली, तीही थेट १९६८ पर्यंत. इंग्रजांनी भंगार म्हणून सोडलेलं विमान भारतात समुद्र राखत होतं आणि खुद्द इंग्रज त्याच कामासाठी नवं विमान कुठून आणायचं या विवंचनेत होते!

त्यांना घाई होती कारण समोरचा शत्रू बदलला होता. युद्धाच्या शेवटी जर्मनांनी बनवलेल्या पाणबुड्या पाण्याखाली वेगाने धावत आणि श्नॉर्केल नावाची नळी तेवढी वर काढून डिझेल इंजिनं चालवत. ते तंत्र रशियाच्या हाती लागलं होतं. अथांग समुद्रात पाण्यावर जेमतेम दिसणारी ती नळी शोधायची, तर चांगलं रडार आणि तासन् तास हवेत राहणारं विमान, दोन्ही हवं.

उत्तर आलं अ‍ॅव्हरो कंपनीकडून. तिचे मुख्य रचनाकार रॉय चॅडविक हे लँकेस्टरचे जनक. त्यांच्या विमानांचं घराणंच सांगायचं तर १९३९ चं मँचेस्टर, त्यातून १९४१ चं लँकेस्टर, त्यातून १९४४ चं लिंकन. पुढची पायरी म्हणून त्यांनी लिंकनचेच पंख आणि चाकांची जोडणी घेतली आणि मध्ये नवं, ऐसपैस धड बसवलं. कागदोपत्री त्याला आधी लिंकनचीच एक आवृत्ती मानत होते. मग त्याला अंटार्क्टिकाचे संशोधक अर्नेस्ट शॅकलटन यांचं नाव मिळालं. नाव शोभलं. थंडी, वारा आणि दीर्घ कंटाळा या तिन्ही गोष्टी पुढे या विमानाच्या नशिबी भरपूर आल्या.

चॅडविकना मात्र ते उडताना पाहायला मिळालं नाही. २३ ऑगस्ट १९४७ ला वुडफर्डच्या धावपट्टीवरून ट्यूडर या प्रवासी विमानाच्या चाचणीसाठी ते उड्डाणात बसले. दुरुस्तीत पंखांवरच्या एलेरॉनच्या तारा उलट जोडल्या गेल्या होत्या. वैमानिकाने एका बाजूला वळवलं की विमान दुसऱ्या बाजूला कलायचं. त्यात चॅडविक आणि मुख्य चाचणी वैमानिक बिल थॉर्न दोघेही गेले. शॅकलटनचा पहिला नमुना त्याच वुडफर्डहून ९ मार्च १९४९ ला जिमी ऑरेल यांनी उडवला.

या विमानाची ओळख म्हणजे त्याची चार इंजिनं. रोल्स-रॉइसचं ग्रिफन हे बारा सिलिंडरांचं इंजिन एवढी ताकद काढत होतं, की ती हवेत उतरवायला साध्या पंख्याचा घेर पुरेना. म्हणून एकाच दांड्यावर एकामागे एक असे दोन तीनपात्यांचे पंखे बसवले आणि ते एकमेकांच्या उलट दिशेने फिरवले. ताकद पुरी वापरली जाई, एका बाजूला ओढ बसत नसे. पण आठ पंख्यांची पाती एकमेकांनी ढवळलेली हवा कापत, आणि त्यातून जो आवाज निघे तो विसरता येत नाही असं त्यात बसलेले सगळे सांगतात. उच्च पट्टीतले आवाज कायमचे ऐकू न येणं हा या मंडळींचा व्यावसायिक आजारच झाला. विमानाला ‘ग्राउलर’, म्हणजे गुरगुरणारं, असं टोपणनाव पडलं. ‘एकमेकांना खेटून उडणारे दहा हजार सुटे रिव्हेट’ ही दुसरी थट्टा त्याहून प्रसिद्ध. बोचरी असली तरी ती प्रेमाने केलेली थट्टा होती, हे त्या लोकांच्या आठवणी वाचल्या की कळतं.

जेटच्या जमान्यात पिस्टन इंजिनं का, हा प्रश्न रास्त आहे. त्याच अ‍ॅव्हरोने १९५२ मध्ये व्हल्कन हे त्रिकोणी पंखांचं जेट बॉम्बफेकी विमान उडवलं, तेव्हा शेजारी शेपटीखाली चाक असलेली शॅकलटन तयार होत होती. पण त्या काळची जेट इंजिनं कमी उंचीवर इंधन अक्षरशः पीत. पाणबुडी शोधणाऱ्याला तर लाटांच्या जवळ, चारदोनशे मीटरांवर घिरट्या घालाव्या लागत. शॅकलटन चौदा-पंधरा तास हवेत राहायची. दहा जणांच्या चमूसाठी आत छोटं स्वयंपाकघर होतं, आळीपाळीने पडायला बाकं होती. पुढून मागे जायचं तर पंखाचा आडवा कणा धडातून आरपार गेलेला, तो दरवेळी ओलांडून जावं लागे. पाणबुडीचा माग घ्यायला रडार, पाण्यात टाकून कानोसा घेणारे सोनोबॉय आणि ‘ऑटोलायकस’ नावाचं एक यंत्र. हे यंत्र हवेतला डिझेलचा धूर हुंगायचं. कल्पना नामी, पण व्यापारी जहाजंही धूर सोडतातच, त्यामुळे गजबजलेल्या समुद्रात या नाकाची पंचाईत व्हायची.

१९५१ च्या वसंतात स्कॉटलंडमधल्या किनलॉस तळावर १२० क्रमांकाच्या स्क्वाड्रनला पहिली शॅकलटन मिळाली. पहिल्या आवृत्तीचं रडार हनुवटीखाली होतं, त्याला मागचं दिसत नसे. दुसऱ्या आवृत्तीत ते पोटाखाली नेलं; कचऱ्याच्या डब्यासारखा तो घुमट हवा तेव्हा खाली सरकवायचा, की चहूकडचं दिसे. उत्पादनाला वेळ लागत होता म्हणून मधल्या काळात अमेरिकेकडून ५२ नेपच्यून विमानं पुन्हा उसनीच आणावी लागली. तिसरी आवृत्ती १९५५ ची. तिला नाकाखाली चाक आणि पंखांच्या टोकांना टाक्या मिळाल्या. उपकरणं वाढत गेली, वजन वाढत गेलं आणि एक वेळ अशी आली की भरलेलं विमान उठवायला ग्रिफनही कमी पडू लागली. मग बाहेरच्या दोन इंजिनांच्या मागे व्हायपर ही छोटी जेट इंजिनं बसवली. अशी ठिगळं लावत नमुन्यांसह एकूण १८५ शॅकलटन बनल्या.

अपघात बरेच झाले. त्यातला ११ जानेवारी १९५५ चा सर्वांत गूढ. ४२ क्रमांकाच्या स्क्वाड्रनच्या दोन शॅकलटन कॉर्नवॉलमधल्या सेंट इव्हलहून आयर्लंडच्या दक्षिणेकडे सरावाला गेल्या आणि दोन्ही परतल्या नाहीत. अठरा माणसं गेली. काहीच हाती लागलं नाही, ते अकरा वर्षांनी एका मच्छीमार बोटीच्या जाळ्यात एक इंजिन येईपर्यंत. दोघी एकमेकींवर आदळल्या असाव्यात हा तर्क आहे. तो पक्का कधी झाला नाही.

बांधली पाणबुड्यांसाठी, पण ओसरत्या साम्राज्याची ती हरकामी विमानं झाली. १९५६ मध्ये सायप्रसला सैनिक पोहोचवले, एकेका विमानात तीस-तीस जण कोंबून. १९५७ मध्ये प्रशांत महासागरात ख्रिसमस बेटाभोवती ब्रिटनच्या हायड्रोजन बॉम्बच्या चाचण्या झाल्या, तेव्हा परिसरातली जहाजं हुसकावण्याचं काम यांच्याकडे. ओमानच्या जबल अख्दर डोंगरांत सुलतानाविरुद्ध उठलेल्या बंडखोरांवर यांनीही बॉम्ब टाकले. याला ‘वसाहतींची पोलिसगिरी’ असं सोज्वळ नाव होतं. खाली गावं होती हे त्या नावात येत नाही. १९६६ मध्ये ऱ्होडेशियाचं (आजच्या झिम्बाब्वेचं) तेल तोडण्यासाठी मादागास्करमधल्या माजुंगाहून मोझांबिकच्या बैरा बंदरावर पाळत ठेवली गेली, तिथेही शॅकलटनच. आणि आपल्या दारात म्हणावं तर सिंगापूरच्या चांगीहून २०५ क्रमांकाच्या स्क्वाड्रनची विमानं मालदीवच्या गान बेटावर शोध आणि बचावासाठी असत.

बाहेरचं गिऱ्हाईक एकच मिळालं, दक्षिण आफ्रिका. ब्रिटनशी झालेल्या सायमन्सटाउन या नौदल-सहकार्याच्या कराराच्या छायेत तिने १९५७ पासून आठ विमानं घेतली. सुएझ १९६७ मध्ये बंद पडला, तेलाची जहाजं केपला वळसा घालू लागली, तेव्हा त्यांना काम भरपूर मिळालं. वर्णभेदामुळे शस्त्रबंदी आली, सुटे भाग आटले, तरी त्या विमानांनी १९८४ पर्यंत तग धरला.

ब्रिटनमध्ये वारस ठरवताना पुन्हा तोच जुना हिशेब झाला. कॉमेट हे जगातलं पहिलं प्रवासी जेट. १९५४ च्या अपघातांनी त्याचं नाव गेलं, आणि सुधारलेली आवृत्ती आली तोवर बाजार बोइंगने खाल्ला होता. न विकलेल्या दोन कॉमेटच्या पोटाखाली शस्त्रांसाठी दुसरा मजला जोडून निमरॉड तयार झालं. ते २३ मे १९६७ ला उडालं, १९६९ मध्ये सेवेत आलं. युक्ती झकास होती. शोधाच्या जागी जेटच्या वेगाने पोहोचायचं आणि तिथे चारांतली दोन इंजिनं बंद करून इंधन वाचवत फिरायचं. सागरी गस्तीतून शॅकलटनची सुट्टी इथेच व्हायला हवी होती, आणि तशी ती झालीही.

पण नौदलाची मोठी विमानवाहू जहाजं काढून टाकायचं ठरलं, तशी त्यांच्यावरची गॅनेट ही हवाई इशारा देणारी विमानंही जाणार होती. उत्तरेकडून येणारी रशियन विमानं दुरून पाहायची कुणी? उत्तर असं काढलं : गॅनेटची रडारं काढायची आणि दुसऱ्या आवृत्तीच्या १२ शॅकलटनच्या हनुवटीखाली बसवायची. ते एपीएस-२० रडार मुळात दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस अमेरिकेत तयार झालेलं. लँकेस्टरच्या घराण्यातल्या धडावर युद्धकाळातलं रडार, आणि साल १९७२! स्कॉटलंडमध्ये ८ क्रमांकाच्या स्क्वाड्रनकडे ही विमानं दिली, १९७३ पासून लॉसीमाउथला. तिथल्या मंडळींनी त्यांना मुलांच्या टीव्ही मालिकांतल्या पात्रांची नावं दिली, झेबेडी, डुगल, डिलन. माझ्या मते हा विनोद नव्हता, निषेध होता.

सोय तात्पुरती होती. पुढे नाकावर आणि शेपटीवर रडारचे फुगे असलेलं निमरॉडचं खास रूप यायचं होतं. १९७७ मध्ये त्याचं काम सुरू झालं, एक अब्ज पौंडांच्या जवळपास खर्च झाला, आणि रडार काही नीट चालेना. समुद्रावर ठीक, पण जमिनीवर रस्त्यावरच्या मोटारीही पडद्यावर दिसायच्या. डिसेंबर १९८६ मध्ये तो प्रकल्प रद्द झाला आणि बोइंगची सेंट्री विमानं घ्यायचं ठरलं. तोवर शॅकलटन उडतच राहिल्या, १९८१ च्या कपातीत बारांच्या सहा होऊनही. ३० एप्रिल १९९० ला डिलन हॅरिस बेटावरच्या टेकडीवर आदळली, दहाही जण दगावले. पुढच्या वर्षीच्या जूनअखेर उरलेली विमानं निवृत्त झाली.

तरी एक उड्डाण राहिलं होतं. जुलै १९९४ मध्ये दक्षिण आफ्रिकेने दुरुस्त केलेलं एक शॅकलटन इंग्लंडमधल्या विमान-मेळाव्यासाठी निघालं. पश्चिम सहारावर रात्री उजव्या पंखाची दोन्ही इंजिनं बिघडली. वैमानिकाने अंधारात वाळूवर विमान पोटावर उतरवलं आणि आतले एकोणीसही जण वाचले. विमान तिथेच पडून आहे.

निमरॉडच्या वाट्याला याहून वाईट शेवट आला. २ सप्टेंबर २००६ ला अफगाणिस्तानवर हवेत इंधन भरल्यानंतर एकाला आग लागून १४ जण गेले. चार्ल्स हॅडन-केव्ह यांच्या २००९ च्या चौकशी अहवालाने सुरक्षा-तपासणीतल्या ढिलाईवर कठोर शब्दांत बोट ठेवलं. मार्च २०१० मध्ये ती विमानं गेली, आणि त्यांची नवी आवृत्ती, जिच्यावर तीन अब्ज पौंडांहून अधिक ओतले होते, ऑक्टोबरमध्ये रद्द झाली. तयार विमानं तोडून टाकली. बेटावर वसलेल्या देशाकडे सागरी गस्तीचं एकही विमान उरलं नाही. २०१४ च्या शेवटी स्कॉटलंडजवळ परकी पाणबुडी असल्याचा संशय आला, तेव्हा अमेरिका, कॅनडा आणि फ्रान्सची विमानं मदतीला बोलवावी लागली.

२०१५ मध्ये बोइंगची नऊ पी-८ पोसायडन घ्यायचं ठरलं. मूळ धड पुन्हा प्रवासी विमानाचंच, ७३७ चं. भारतीय नौदल हेच विमान २०१३ पासून वापरत आहे. मार्च २०२२ मध्ये गोव्याच्या आयएनएस हंसा तळावर त्याची दुसरी स्क्वाड्रन उभी राहिली. ब्रिटनचं पहिलं पोसायडन फेब्रुवारी २०२० मध्ये किनलॉसला उतरलं, कारण लॉसीमाउथची धावपट्टी दुरुस्तीला होती. ते मिळालं १२० क्रमांकाच्या स्क्वाड्रनला.