खुलासा: मारिया बकालोवा ‘अचानक सापडलेली’ मुलगी नव्हती

2020 मध्ये ‘बोरॅट’चा, म्हणजे कझाकस्तानच्या काल्पनिक पत्रकाराच्या रूपात खऱ्या, बेसावध माणसांची फिरकी घेणाऱ्या विनोदी चित्रपटाचा, दुसरा भाग आला आणि बोरॅटची मुलगी तुतार साकारणाऱ्या मारिया बकालोवाबद्दल एक समज पसरला. ही कझाकस्तानची कुणी हौशी मुलगी, कॅमेऱ्यापुढे पहिल्यांदाच उभी राहिलेली! तो अजूनही ऐकू येतो आणि तिच्या मेहनतीवर अन्याय करतो.

मारिया बल्गेरियाची, काळ्या समुद्रावरच्या बुर्गास शहरात 1996 मध्ये जन्मलेली. सोफियाच्या राष्ट्रीय नाट्य-चित्रपट अकादमीत ती अभिनय शिकली. 2018 च्या एका बल्गेरियन चित्रपटात तिची मुख्य भूमिकाही होती. तुतार पडद्यावर जे बोलते तेही बरंचसं बल्गेरियनच, कझाक नव्हे.

गैरसमजाचं मूळ प्रसिद्धीत आहे. सुरुवातीला या भूमिकेसाठी ‘इरिना नोवाक’ असं वेगळंच नाव पुढे केलं गेलं. त्यात तिचा अभिनय इतका सहज, की तो अभिनय वाटेचना. खरं तर अनोळखी माणसांसमोर, दुसरा टेक नसताना पात्र न सोडणं हे कसलेल्या नटाचंच काम.

याच भूमिकेसाठी 2021 मध्ये तिला सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर नामांकन मिळालं. अभिनयासाठी असं नामांकन मिळवणारी ती पहिली बल्गेरियन. 2024 मध्ये ‘द अप्रेंटिस’ चित्रपटात तिने डोनाल्ड ट्रम्प यांची पहिली पत्नी इव्हाना ट्रम्प साकारली.