साखरखेर्ड्याला बाजीराव कोणाकडून लढले?

गिरगाव-दादरच्या व्याख्यानांत आजही सांगतात, की बाजीराव आणि निजाम पहिल्यापासून हाडवैरी, आणि निजामाने बंड करून स्वतंत्र राज्य जाहीर केलं. दोन्ही चूक. १७२४ साली आजच्या बुलढाणा जिल्ह्यात, साखरखेर्ड्याला भिडले ते दोन मुघल सरदार: निजाम-उल-मुल्क आणि हैदराबादचा सुभेदार मुबारिझ खान. भांडण दख्खनच्या सुभेदारीचं. दिल्ली दरबारानेच मुबारिझला फूस दिली होती. आणि बाजीराव होते निजामाच्या बाजूने! मुबारिझ मारला गेला. पुढच्याच वर्षी बादशहाने निजामाला ‘आसफजाह’ हा किताब दिला. निजामानेही नाणी बादशहाच्याच नावाने पाडली. पालखेडला बाजीरावांनी निजामाला कोंडलं ते १७२८ मध्ये, त्याने मराठ्यांची चौथ (महसुलाचा चौथा हिस्सा) रोखून शाहू महाराजांच्या प्रतिस्पर्ध्याला, कोल्हापूरच्या संभाजीराजांना, हाताशी धरल्यावर.