अनुकंपा नियुक्तीचा दावा: तातडीचे ओझे कोणावर?

शासकीय कर्मचाऱ्याचे सेवेत असताना निधन झाले तर वारसाला अनुकंपा तत्त्वावर नोकरी मिळू शकते, हे बहुतेकांना ठाऊक असते. ती हक्क म्हणून मागता येत नाही, हे मात्र अनेक कुटुंबांना अर्ज फेटाळला गेल्यावरच कळते. संविधानाच्या अनुच्छेद १६(२) नुसार शासकीय नोकरीत वंशाच्या आधारे भेदभाव करता येत नाही. त्यामुळे केवळ वडील नोकरीत होते म्हणून मुलाला पद देणे घटनेत बसत नाही, आणि कर्ता माणूस गेल्याने घरावर अचानक ओढवलेले आर्थिक संकट हाच या नियुक्तीचा एकमेव आधार उरतो.

या संकटातील तातडी न्यायालयाने आधी शासनावर बंधनकारक मानली होती. सीमा रस्ते विभागातील एका मृत कर्मचाऱ्याच्या पत्नीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये, अशी नियुक्ती विलंब न लावता द्यावी आणि योग्य पद नसेल तर अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा, पद निर्माण करावे, असे सांगितले. हरियाणातील एका प्रकरणात १९९४ मध्ये त्याच न्यायालयाने या तातडीची दुसरी बाजू मांडली. ही सवलत फक्त तिसऱ्या व चौथ्या श्रेणीच्या पदांपुरती आहे, कुटुंबाची आर्थिक स्थिती तपासल्याशिवाय ती देता येत नाही, आणि बराच काळ लोटून संकट सरल्यावर तिच्यावर दावा सांगता येत नाही, असा तो निर्णय होता. पुढच्या बहुतेक निकालांनी याच निर्णयाचा आधार घेतला, आणि अधिसंख्य पदाचा आदेश मागे पडला.

महाराष्ट्रात २६ ऑक्टोबर १९९४ च्या शासन निर्णयाने सुधारित योजना आली. तिची खरी कसोटी लागली ती प्रतीक्षासूचीत. नाव सूचीत, पण पद रिक्त नाही, अशा अवस्थेत वर्षे जात राहिली, आणि वयाची ४५ वर्षे पूर्ण होताच नाव वगळले जाई. आईचे वय उलटत चालले तर तिच्या जागी मुलाचे नाव घ्यावे, ही विनंती २० मे २०१५ च्या शासन निर्णयाने अडवली. सूचीतील उमेदवाराचा मृत्यू झाला तरच बदल शक्य होता. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने २०२० मध्ये हे बंधन असमर्थनीय ठरवले आणि २०२४ मध्ये त्याच न्यायालयाच्या पूर्णपीठाने, म्हणजे अधिक न्यायमूर्तींच्या मोठ्या पीठाने, ती भूमिका कायम ठेवली. माझ्या मते ही दुरुस्ती आवश्यकच होती, कारण विलंब कार्यालयाचा असताना त्याची किंमत वारसाने मोजावी, हे या योजनेच्या मूळ हेतूशी विसंगत होते.

सर्वोच्च न्यायालयानेही २०२२ मध्ये ओडिशातील एका प्रकरणात, परिपूर्ण अर्जावर सहा महिन्यांच्या आत निर्णय घ्यावा, असे बजावले.