सवय झालेला कान

ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या एका प्रेस शॉपमध्ये, म्हणजे यंत्राने पत्रा कापून भाग बनवणाऱ्या कारखान्यात, अप्रेंटिस म्हणून लागलो, तेव्हा पहिल्याच दिवशी मला हातवाऱ्यांची भाषा शिकवली गेली. अंगठा ओठांकडे नेला की चहा. मनगटावर बोट टेकवलं की सुट्टीची वेळ. कॉलरला हात लावला की सुपरवायझर येतोय. पत्र्याच्या शेडखाली आठ-दहा पॉवर प्रेस एकदम चालायचे आणि शेजारच्याच्या कानात ओरडलं तरी निम्मंच पोचायचं. शिफ्ट सुटल्यावर ठाणे स्टेशनच्या बसमध्ये बसलं की कंडक्टरचा आवाज गोधडीखालून आल्यासारखा वाटे. कानांत दडे बसलेले असत. जुने ऑपरेटर म्हणायचे, "आठ-पंधरा दिवस जाऊ दे, सवय होईल."

झाली. पण ती सवय म्हणजे नेमकं काय होतं, हे मला फार उशिरा कळलं.

आवाज फार झाला की आपण म्हणतो, 'कानाचे पडदे फाटायची वेळ आली.' कारखान्यातल्या रोजच्या आवाजाने पडदा सहसा फाटत नाही. कानाचा डॉक्टर बॅटरी मारून बघतो तेव्हा तो छान शाबूत दिसतो. नुकसान होतं ते आतल्या घरात, कर्णावर्तात. गोगलगाईच्या शंखासारखी अडीच वेटोळ्यांची ही नळी सरळ केली तर जेमतेम साडेतीन सेंटीमीटर भरेल. तिच्यात ध्वनीच्या हेलकाव्यांचं विजेच्या संदेशांत रूपांतर करणाऱ्या केशपेशी असतात. आतल्या रांगेत सुमारे 3,500 आणि बाहेरच्या रांगांत सुमारे 12,000. जन्मभरासाठी एवढाच साठा. मुसळधार पावसात शेतातला भात आडवा होतो आणि उघडीप मिळाली की बराचसा पुन्हा उभा राहतो, तसं या पेशींचं होतं. दडे बसणं म्हणजे आडवा झालेला भात. रोज पाऊस आणि उघडीप नाहीच, असं झालं की काही रोपं उठत नाहीत.

ही गोष्ट नवी नाही. इटलीतल्या बर्नार्डिनो रामाझिनी या वैद्याने 1713 साली लिहून ठेवलं होतं की दिवसभर तांबं ठोकणारे तांबट पुढे बहिरे होतात. आपल्याकडे तांबट नावाचा पक्षीही आहे, भर उन्हात टुक-टुक ठोके देणारा. गंमत अशी, की पक्ष्यांच्या कानांतल्या मेलेल्या केशपेशी पुन्हा उगवू शकतात. माणसाच्या उगवत नाहीत. तांबट पक्ष्याला जी सोय आहे ती तांबट कारागिराला नाही.

पहिला घाव बसतो तो साधारण 4,000 हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला 4,000 कंपनांच्या, जवळपास. कानाची बाहेरची नळी सुमारे अडीच सेंटीमीटर लांब असते आणि एवढ्या लांबीची नळी 3,000 हर्ट्झच्या आसपासचा आवाज आपसूक वाढवून आत सोडते. जखम त्याच्या थोडी वरच्या पट्टीत होते. श्रवणचाचणीच्या आलेखावर तिथे खड्डा दिसतो. या पट्टीत रातकिडे असतात आणि स, श, च, ट यांसारख्या व्यंजनांची धारही असते. स्वर खालच्या पट्टीत असतात, ते वाचतात. त्यामुळे माणसाला ऐकू येतं पण उमगत नाही. आमच्या स्टोअरमध्ये 'साठ नग' सांगितले की एक काका सात काढून द्यायचे आणि वर चिडायचे, की तुम्ही तोंडातल्या तोंडात बोलता. पावसाळ्यात येऊरला डबा पार्टीला गेलो तेव्हा त्यांनीच विचारलं होतं, "यंदा रातकिडे नाहीत का रे?" शेजारी उभ्या असलेल्या आम्हाला त्या किरकिरीने बोलणं अवघड झालं होतं.

किती आवाज म्हणजे धोका? आवाज मोजतात डेसिबलमध्ये, आणि डेसिबलचा हिशेब सरळ बेरजेचा नाही. तीन डेसिबल वाढले की ऊर्जा दुप्पट, दहा वाढले की दहापट. 90 डेसिबलची दोन यंत्रं मिळून 180 होत नाहीत, 93 होतात. उलट बाजूने बघा: दोनपैकी एक बंद केलं तरी तीनच डेसिबल उतरतात. म्हणून शेडमधलं सगळ्यात ओरडणारं यंत्र आधी धरायचं. 100च्या यंत्राशेजारी 90चं बंद केल्याने अर्धा डेसिबलही कमी होत नाही. मीटर नसेल तर एक साधी खूण आहे: हातभर अंतरावरच्या माणसाशी बोलताना आवाज चढवावा लागत असेल, तर बहुधा 85च्या वर आहात.

आपल्याकडच्या कारखाना नियमांत आठ तासांसाठी 90 डेसिबल ही मर्यादा आली आहे आणि दर पाच डेसिबलला वेळ निम्मा होतो. म्हणजे 100 डेसिबलला दोन तास. अमेरिकेतल्या कामगार-आरोग्य संशोधन संस्थेने, निऑशने, 1998 साली केलेली शिफारस ऊर्जेच्या हिशेबाने जाते: आठ तासांना 85 आणि दर तीन डेसिबलला वेळ निम्मा. त्या हिशेबाने 100 डेसिबलला मिळतात फक्त 15 मिनिटं. 2009 साली कुजावा आणि लिबरमन या संशोधकांनी उंदरांना 100 डेसिबलचा आवाज दोन तास ऐकवला. काही दिवसांत उंदरांची श्रवणचाचणी पुन्हा पहिल्यासारखी झाली, केशपेशीही जागेवर होत्या. पण त्या पेशींना मज्जातंतूंशी जोडणारे जवळजवळ निम्मे सांधे काही भागांत कायमचे गेले होते. उंदीर म्हणजे माणूस नव्हे, त्यांचे कान जास्त नाजूक. तरी 'रात्रीत दडे सुटले, म्हणजे सगळं ठीक' हे वाक्य तेव्हापासून मला गिळवत नाही.

आता यंत्राकडे. बहुतेक ठिकाणी आवाजाचा विषय निघाला की पहिल्यांदा इअरप्लगचं खोकं उघडतं. माझ्या मते हा शेवटचा उपाय पहिला करण्याचा प्रकार आहे. पॉवर प्रेसचा 'धाड्' येतो कुठून? पत्रा खालच्या साच्यावर, म्हणजे डायवर, ठेवलेला असतो; वरून येणारा पंच त्यावर दाब देतो, प्रेसची फ्रेम धनुष्यासारखी ताणली जाते आणि पत्रा तुटला की ती झटक्यात मोकळी होते. मोठा आवाज या सुटण्याचा आहे, आदळण्याचा कमी. पंचाच्या किंवा डायच्या तोंडाला थोडा उतार दिला, की पत्रा एकदम न तुटता कात्रीने कापल्यासारखा कडेकडेने कापला जातो. जोर पसरतो, आवाज उतरतो, फ्रेमचं आणि डायचं आयुष्यही वाढतं. एका डायमध्ये चार पंच असतील तर त्यांच्या उंचीत किंचित फरक ठेवला तरी हेच साधतं. हे काम पंच-डाय घडवणाऱ्या टूलरूममधला माणूस करतो, सेफ्टी ऑफिसर नव्हे. म्हणून आवाजाच्या मीटिंगला त्याला बोलवावं.

दुसरा गुन्हेगार म्हणजे हवा मारणं. डायमधला तुकडा उडवायला, चिप्स झाडायला, कधी कपड्यांवरची धूळ काढायलासुद्धा (हे तर करूच नये) उघड्या नळीने हवा मारतात आणि कानाशी आवाज 100च्या घरात जातो. वेगाने सुटणारी हवा बाजूच्या शांत हवेत घुसळली जाते, तिथे हा आवाज जन्मतो. जेम्स लाइटहिल या ब्रिटिश गणितज्ञाने 1952 साली दाखवलं, की अशा झोताच्या आवाजाची शक्ती वेगाच्या आठव्या घातानुसार बदलते. वेग निम्मा करा, शक्ती 256 पटींनी कमी; म्हणजे 24 डेसिबल. म्हणून हवेचा दाब गरजेपुरता ठेवणं आणि एका भोकाऐवजी बारीक भोकांचा नोझल बसवणं, एवढ्यानेही मोठा फरक पडतो. कॉम्प्रेसरचं वीजबिल वाचतं ते वेगळं. पंख्यांनाही असंच गणित लागू पडतं, फक्त घात पाचवा: वेग 20 टक्के कमी केला की साधारण पाच डेसिबल उतरतात. ऐरोली-महापे पट्ट्यात आता डेटा सेंटर उभी राहिली आहेत. तिथे प्रेस नाहीत, पण सर्व्हरच्या रांगांत पंख्यांचा आवाज 85च्या पुढे जाऊ शकतो, आणि एसीतल्या कामाला कुणी 'आवाजाचं काम' म्हणत नाही.

बाकीचे उपाय साधे आहेत. स्क्रॅपच्या लोखंडी डब्याला आतून जुन्या कन्व्हेयर बेल्टचा रबर लावायचा, तुकडा पडायची उंची कमी करायची, यंत्राखाली रबरी पाय द्यायचे. यंत्राभोवती खोकं बांधताना मात्र फटीकडे लक्ष हवं. भिंत कितीही जाड असो, एक टक्का जागा उघडी राहिली तर 20 डेसिबलपेक्षा जास्त फायदा मिळत नाही. खोकं कसं असावं ते बघायचं तर सोसायटीतला डिझेल जनरेटर बघा. नियमानुसार त्याच्या खोक्यापासून एक मीटरवर आवाज 75 डेसिबलच्या आत हवा. शेजाऱ्यांच्या झोपेसाठी जे जमलं, ते शेडमधल्या माणसासाठी अवघड कसं होतं, हे मला अजून कुणी समजावून दिलेलं नाही.

इअरप्लग वाईट नाहीत. पण त्यांचंही गणित निर्दय आहे. 30 डेसिबल अडवणारा प्लग आठ तासांच्या पाळीत फक्त अर्धा तास काढून ठेवला, तर दिवसभराचं संरक्षण 12 डेसिबलवर येतं. फोमचा प्लग स्वच्छ हातांनी बारीक वळायचा, दुसरा हात डोक्यामागून आणून कान वर आणि मागे ओढायचा, प्लग आत सारून फुगेपर्यंत धरून ठेवायचा. कापसाच्या बोळ्याने फारसं काही अडत नाही. आणि ठाणे-बेलापूर पट्ट्यात आणखी एक भानगड: टोल्युइन, स्टायरीन यांसारखी कारखान्यांतली रासायनिक द्रावकं स्वतःच कानाला अपायकारक असतात, आवाजाच्या जोडीला आली की जास्तच.

आवाजामुळे येणारं बहिरेपण सरकारला कळवायच्या रोगांच्या यादीत नोंदलेलं आहे. नुकसानभरपाईच्या कायद्यातही ते व्यवसायजन्य रोग म्हणून आहे. मात्र सगळं अडतं ते कागदाशी. कामाला लागतानाचा श्रवण-आलेख हवा आणि पुढच्या तपासण्या त्याच्याशी ताडून बघता यायला हव्यात. त्या पहिल्या तपासणीआधी कान किमान 14 तास आवाजापासून दूर असावा लागतो, म्हणजे साप्ताहिक सुट्टीनंतर, यंत्रावर उभं राहण्याआधी. आमच्याकडे श्रवणचाचणीचा कॅम्प झाला तो भर शिफ्टमध्ये, कँटीनमध्ये, भिंतीपलीकडे कॉम्प्रेसर चालू असताना. सगळ्यांचेच कान खराब निघाले, म्हणून तपासणीचं यंत्र खराब ठरवलं आणि अहवाल फाइलला लागला. माझा 4,000वरचा खड्डा पुढे पंधरा वर्षांनी, स्वखर्चाने केलेल्या चाचणीत दिसला. पहिला आलेख हाती नसल्यामुळे त्यात प्रेस शॉपचा वाटा किती आणि वयाचा किती, हे ऑडिओलॉजिस्टला सांगता आलं नाही.