आधी हॉटेल, मग बोट

चार्ली चॅप्लिनचा ‘द इमिग्रंट’ (१९१७) पाहताना वाटतं, बोटीवरून अमेरिकेत उतरलेल्या भणंगाची ही गोष्ट पुढे ओघानेच हॉटेलात शिरली. चित्रीकरण मात्र उलट्या क्रमाने झालं. चॅप्लिनने गाळलेली फिल्म नष्ट व्हायची होती, ती कशीबशी वाचली. केव्हिन ब्राऊनलो आणि डेव्हिड गिल यांनी चित्रीकरणावेळी कॅमेऱ्यासमोर धरलेल्या पाटीवरच्या क्रमांकांनुसार ती लावून पाहिली आणि १९८३च्या ‘अननोन चॅप्लिन’ या माहितीपटात सगळा उलगडा केला.

हॉटेल चॅप्लिनला नवं नव्हतं. १९१६च्या ‘द रिंक’मध्ये तो स्वतःच वेटर होता. गिऱ्हाइकाच्या कपड्यांवर काय काय सांडलंय ते बघून बिल करणारा! पुढच्या वर्षी तो टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसला, तोही फाटक्या खिशाने. माझ्या मते खरी उडी हीच. वेटरच्या वेंधळेपणाला आपण घटकाभर हसतो. पण पैसे नाहीत हे ठाऊक असलेल्या माणसाचा घास घशात अडकलेला बघताना हसूही येतं आणि पोटात गोळाही.

सुरुवातीला कलावंतांच्या वस्तीतलं एक हॉटेल, एवढंच डोक्यात होतं. वेटर होता हेन्री बर्गमन. प्रसंग काही रंगेना. मग चॅप्लिनने त्याला बाजूला करून धिप्पाड, दाट भुवयांच्या एरिक कॅम्पबेलला आणलं आणि हॉटेलात धाक आला. दहा सेंट कमी पडले म्हणून वेटर मंडळी एकाला बदडून काढतात, ते पाहिल्यावर चार्लीचा हात खिशात जातो. नाणं गळून गेलेलं! वेटरच्या खिशातून पडलेलं नाणं तो शिताफीने मिळवतो, तर तेही खोटं निघतं.

चार्लीसमोर बसलेली नायिका एडना पर्व्हिअन्स इतकी कफल्लक का, याचं उत्तर शोधताना बोट सुचली.

बर्गमनला पुढे चित्रकाराची भूमिका मिळाली. तो चार्लीचं बिल द्यायला निघतो, चार्ली भिडेखातर नको नको म्हणतो, आणि एकदा जास्तच म्हणून बसतो. शेवटी चित्रकाराने वेटरसाठी ठेवलेली टीप सरकवून तो सुटतो. वेटरच्या कामावरून काढलेल्या बर्गमननेच अखेर ते बिल भागवलं.